वाचकांचे प्रश्न : डुकरे, माकडे, बदके आणि सॅपेलोव्हायरस

प्रश्न : माझे थोरले बंधू दौंड तालुक्यात लहान प्रमाणावर वराहपालन करतात. त्याच आवारात बदके आणि गावठी कोंबड्याही आहेत. पावसाळ्यात, दूध तोडल्यानंतर थोड्याच दिवसांत, पिल्लांना जुलाब लागले आणि एका पिल्लाचे मागचे पाय लुळे पडले. विष्ठेचा नमुना तपासायला दिला, तेव्हा अहवालात ‘पोर्सिन सॅपेलोव्हायरस आढळला’ असा शेरा आला. शोध घेतल्यावर हा विषाणू डुकरे, माकडे आणि पक्षी या तिघांनाही होतो असे वाचनात आले. शेताकडे माकडांची टोळी अधूनमधून येते, आणि सुट्टीत आमची मुले दिवसभर बदकांजवळ असतात. शेजारी म्हणतात की सगळी जनावरे काढून टाका. आम्ही काय करावे? (एक वाचक, हडपसर)

उत्तर : जनावरे काढून टाकण्याची गरज नाही. सॅपेलोव्हायरसमुळे माणसाला आजार झाल्याचे आजवर सिद्ध झालेले नाही, त्यामुळे मुलांबद्दलची आपली सर्वांत मोठी काळजी येथेच दूर व्हावी. मात्र लुळे पडलेले पिल्लू हा गंभीर विषय आहे आणि त्याकडे मी पुढे सविस्तर येणार आहे.

डुकरांत, माकडांत आणि पक्ष्यांत आलटून पालटून फिरणारा असा एकच विषाणू अस्तित्वात नाही. सॅपेलोव्हायरस ही विषाणूंची एक प्रजाती (जीनस) आहे, म्हणजे जवळच्या नात्यातील अनेक विषाणूंचा गट आहे, आणि त्यातील डुकराचा विषाणू निराळा व माकडाचा निराळा आहे; बदकाचा तर आता वेगळ्याच प्रजातीत ठेवला जातो. भावकी एक असली तरी चुली केव्हाच वेगळ्या झाल्या आहेत. वर्गीकरण करणारे शास्त्रज्ञ विषाणूंना एका प्रजातीत ठेवतात, तेव्हा ते त्यांच्या जनुकीय रचनेतील साम्य नोंदवत असतात. आज तुमच्या गोठ्यात कोण कोणाला लागण करते याबद्दल ते काहीही सांगत नसतात. लोकांत या दोन गोष्टींची गल्लत फार होते, आणि त्या गल्लतीपायी एखाद्याचे चालते वराहपालन बंद पडावे, हे मला मनापासून अस्वस्थ करते.

विषाणूला पेशीत शिरायचे तर पेशीच्या पृष्ठभागावर त्याला पकड मिळावी लागते. डुकराच्या सॅपेलोव्हायरसच्या बाबतीत ही पकड कोणती हे प्रयोगांतून दिसले आहे : पेशीच्या आवरणातील जीडी-1-ए नावाच्या गँग्लिओसाइडच्या, म्हणजे साखर जोडलेल्या मेदरेणूच्या, टोकाला असलेले सियालिक आम्ल. असे रेणू इतर प्राण्यांतही असतात, म्हणून केवळ पकड मिळाली की काम झाले असे होत नाही. आत शिरल्यावर त्या प्राण्याच्या पेशीत स्वतःच्या प्रती काढता येणे, तिच्या संरक्षण यंत्रणेला पुरे पडणे आणि मग पुरेशा संख्येने बाहेर पडून पुढच्या प्राण्यापर्यंत पोहोचणे, या सर्व पायऱ्या पार पडल्या तरच विषाणूने यजमान बदलला असे म्हणता येते.

पुणेकरांच्या मनात डुक्कर आणि पक्षी हे शब्द एकत्र आले की 2009 सालचा स्वाइन फ्लू उभा राहतो, आणि ते समजण्यासारखे आहे, कारण त्या साथीतील देशातला पहिला मृत्यू याच शहरात झाला. पण फ्लूच्या विषाणूची रचना मुळातच वेगळी आहे. त्याचा जनुकसंच आठ सुट्या तुकड्यांत असतो, त्यामुळे एकाच डुकरात पक्ष्याचा फ्लू आणि माणसाचा फ्लू एकाच वेळी शिरले तर तुकड्यांची अदलाबदल होऊन नवा विषाणू तयार होऊ शकतो. सॅपेलोव्हायरसचा जनुकसंच म्हणजे आरएनएचा एकच सलग धागा असतो. अगदी जवळच्या नात्यातील विषाणूंत त्या धाग्याचे भाग कधी जुळून बदलतात, परंतु फ्लूसारखी तुकड्यांची अदलाबदल तेथे होऊच शकत नाही.

आता अहवालाकडे वळू. विष्ठेत विषाणू आढळणे आणि त्याच विषाणूमुळे जुलाब होणे, या दोन निराळ्या गोष्टी आहेत. डुकराचा सॅपेलोव्हायरस जगभरच्या कळपांत सापडतो, भारतातही जुलाब होणाऱ्या पिल्लांत तो नोंदवला गेला आहे, आणि कोणतेही लक्षण नसलेल्या धडधाकट डुकरांच्या विष्ठेतही तो सर्रास मिळतो. पीसीआर तपासणी विषाणूच्या आरएनएचा लहानसा अंश पकडते. तो अंश रोगाचे कारण आहे की नुसताच आतड्यात राहणारा आहे, हे ती सांगू शकत नाही. त्यातच दूध तोडल्यानंतरचे आठवडे पिल्लांसाठी सर्वांत नाजूक असतात. आईच्या चिकातून मिळालेली प्रतिपिंडे ओसरत असतात, खाद्य बदललेले असते, वेगवेगळ्या विणीतील पिल्ले एकत्र केलेली असतात, आणि त्याच सुमारास रोटाव्हायरस, ई-कोलाय जिवाणू व कॉक्सिडिया नावाचे परजीवी हे सारेच संधी साधतात. म्हणून पशुवैद्यकांना या तिन्हींची तपासणी झाली आहे का, हे अवश्य विचारावे. सॅपेलोव्हायरसचे नाव अहवालात आले म्हणून इतर कारणांचा शोध थांबवणे, हीच यातली खरी जोखीम आहे.

लुळ्या पडलेल्या पिल्लाचे मात्र वेगळे आहे. हा विषाणू सहसा आतड्यापुरता राहतो, पण काही वेळा तो मज्जासंस्थेत पोहोचतो आणि मेंदू व मज्जारज्जूचा दाह घडवतो. असे उद्रेक अमेरिकेसह काही देशांत नोंदवले गेले आहेत. आजारी पिल्लू आधी लडखडते, मागील पाय एकमेकांत अडकतात, मग ते कुत्र्यासारखे बसून राहते आणि पुढच्या पायांवर अंग ओढत खाद्याकडे सरकते. पुष्कळदा त्याची भूक आणि नजर शेवटपर्यंत शाबूत असते. मज्जारज्जूचा काप सूक्ष्मदर्शकाखाली पाहिला तर करड्या भागातील, स्नायूंना आज्ञा पोचवणाऱ्या चेतापेशी सुकून नष्ट झालेल्या दिसतात आणि बारीक रक्तवाहिन्यांभोवती पांढऱ्या पेशींची दाट कडी जमलेली असते. हुबेहूब असेच चित्र टेशोव्हायरस या डुकरांच्याच दुसऱ्या विषाणूमुळेही दिसते, आणि बाहेरून पाहून दोहोंत फरक करणे अनुभवी पशुवैद्यकालाही जमत नाही. त्यामुळे या प्रसंगी विष्ठेचा नमुना उपयोगाचा नाही. पुन्हा असे पिल्लू दगावले तर शवविच्छेदन करून मेंदूचा व मज्जारज्जूचा एक भाग बर्फावर आणि दुसरा फॉर्मालिनमध्ये पाठवावा लागेल. पुण्यात औंध येथे पशुसंवर्धन खात्याचा रोग अन्वेषण विभाग आहे. आपल्या तालुक्याच्या पशुधन विकास अधिकाऱ्यांमार्फत नमुने तेथे पाठवावेत, आणि शक्यतो मृत्यूनंतर काही तासांतच पाठवावेत, कारण उन्हात पडून राहिलेल्या मेंदूतून फारसे काही हाती लागत नाही.

एक गोष्ट ठळकपणे सांगतो. मोठी डुकरेही तापाने फणफणली, कान व पोटाची कातडी लालनिळी झाली आणि पटापट मरू लागली, तर तो सॅपेलोव्हायरस समजून वाट पाहू नये. आफ्रिकन स्वाइन फिव्हर भारतात 2020 साली प्रथम आसाम व अरुणाचल प्रदेशात आढळला, आणि त्याचा किंवा क्लासिकल स्वाइन फिव्हरचा संशय आल्यास शासनाला तत्काळ कळवणे कायद्याने बंधनकारक आहे.

सॅपेलोव्हायरसवर लस नाही आणि विशिष्ट औषधही नाही. जुलाबाच्या पिल्लांना पाणी व क्षार देणे, कोरडे व उबदार ठेवणे, एवढाच उपचार आहे. सर्व भर स्वच्छतेवर द्यावा लागतो, आणि येथे विषाणूची रचना जाणून घेतली तर फायदा होतो. या विषाणूला मेदाचे बाह्य आवरण नसते, तो प्रथिनांच्या घट्ट कवचात असतो. साबण आणि अल्कोहोल मेदाचे आवरण फोडून करोनाच्या विषाणूला निकामी करतात. येथे फोडायला ते आवरणच नाही, म्हणून सॅनिटायझरच्या बाटलीवर विसंबून राहू नये. साबणपाण्याने हात धुणे तरीही उपयोगी आहे, कारण त्याने विषाणू मरत नसला तरी हातावरून वाहून जातो. वाडा धुताना आधी विष्ठा खरवडून काढावी, फरशी पाण्याने स्वच्छ करावी, आणि मगच ताजे ब्लीचिंगचे द्रावण पुरेसा वेळ राहू द्यावे. शेणघाण तशीच ठेवून वरून ब्लीचिंग मारले तर क्लोरीन त्या घाणीतच खर्ची पडतो. एक वीण हलवल्यानंतर ती जागा धुऊन, वाळवून, काही दिवस रिकामी ठेवणे हा सर्वांत स्वस्त आणि सर्वांत दुर्लक्षित उपाय आहे.

बदके आणि डुकरे यांचे पाणी व खाद्य वेगळे ठेवावे असे मी सुचवेन, पण त्याचे कारण फ्लू आहे, सॅपेलोव्हायरस नव्हे. मुलांनी बदकांजवळ जरूर खेळावे; जेवणापूर्वी हात धुण्याचा नियम मात्र मोडू देऊ नये.

प्रश्न : मी सूक्ष्मजीवशास्त्राच्या दुसऱ्या वर्षात शिकते. डुक्कर, माकड आणि बदक इतक्या दूरच्या प्राण्यांतील विषाणू एका प्रजातीत आले कसे, आणि काही ठिकाणी पक्ष्यांचा विषाणू त्यात दिसत नाही, असे का? (एक विद्यार्थिनी, शिवाजीनगर)

उत्तर : तिन्ही विषाणू पूर्वी एंटेरोव्हायरस या मोठ्या गोतावळ्यात किंवा त्याच्या आसपास मोडत, कारण ते आतड्यात वाढत, आकाराने सुमारे 30 नॅनोमीटर होते आणि आम्लाला दाद देत नसत. डुकराचा विषाणू ‘पोर्सिन एंटेरोव्हायरस 8’ म्हणून ओळखला जाई. माकडांचे विषाणू 1950 च्या दशकात, पोलिओच्या लशीसाठी माकडांच्या मूत्रपिंडाच्या पेशी वाढवल्या जात असताना, त्या पेशींतच दडलेले सापडले आणि त्यांना एसव्ही या अक्षरांपुढे क्रमांक देण्यात आले. एसव्ही-2 हा त्यांपैकीच एक. लशीच्या कामात या अनाहूत विषाणूंनी शास्त्रज्ञांना किती सावध केले, हा स्वतंत्र लेखाचा विषय आहे आणि तो आपण मुळातून वाचावा असे मला वाटते.

संपूर्ण जनुकक्रम वाचता येऊ लागल्यावर ही जुनी मांडणी टिकली नाही. डुकरांच्या 13 एंटेरोव्हायरसांपैकी बहुतेक टेशोव्हायरस म्हणून वेगळे झाले, 9 व 10 क्रमांकाचे एंटेरोव्हायरसमध्येच राहिले, आणि 8 क्रमांकाचा दोन्हींत बसेना. 2007 साली तैवानमधील संशोधकांनी एका बदकातील विषाणूचा जनुकक्रम अभ्यासून तो, डुकराचा हा 8 क्रमांक आणि माकडाचा विषाणू मिळून नवी प्रजाती मानावी असे सुचवले. सिमियन (माकडाचा), एव्हियन (पक्ष्याचा) आणि पोर्सिन (डुकराचा) यांची आद्याक्षरे घेऊन तिचे नाव तयार झाले.

त्यांचा आरएनए साडेसात हजारांपासून सुमारे आठ हजार तीनशे न्यूक्लिओटाइडांपर्यंत लांब असतो. त्यावरून एकच लांबलचक प्रथिन तयार होते, डुकराच्या विषाणूत ते सुमारे 2,300 अमिनो आम्लांचे असते, आणि मग विषाणूचेच विकर त्याचे ठिकठिकाणी तुकडे करून कवचाची व इतर प्रथिने सुटी करते. एंटेरोव्हायरसांपासून वेगळेपण दोन ठिकाणी सहज दिसते. सॅपेलोव्हायरसच्या या प्रथिनाच्या सुरुवातीला लीडर नावाचे एक प्रथिन असते, जे एंटेरोव्हायरसमध्ये नाही. शिवाय प्रथिने बनवणाऱ्या रायबोसोमला आरएनएवर बोलावणारी सुरुवातीची घडी हेपॅटायटिस सी विषाणूच्या घडीशी मिळतीजुळती असते. कुलच वेगळे असलेल्या विषाणूत अशी घडी सापडावी, ही मला या संपूर्ण विषयातील सर्वांत विलक्षण बाब वाटते.

पक्ष्यांच्या विषाणूबद्दलचे आपले निरीक्षण अचूक आहे. अधिक जनुकक्रम हाती आल्यावर बदकाच्या विषाणूचे अंतर बरेच असल्याचे दिसले, आणि आता तो अ‍ॅनाटिव्हायरस या वेगळ्या प्रजातीत ठेवला जातो. सॅपेलोव्हायरसच्या ए या जातीत डुकरांचे आणि बी या जातीत माकडांचे विषाणू राहिले. जुन्या पुस्तकांत आणि संकेतस्थळांवर पहिली मांडणी तशीच असल्याने आपल्याला दोन्ही प्रकारची माहिती दिसली. परीक्षेत लिहिताना कोणत्या काळातील वर्गीकरण आपण सांगत आहात, याचा उल्लेख करावा.

प्रश्न : सिंहगडावर माकडे हातातला खाऊ ओढतात. त्यांच्यामुळे हा विषाणू किंवा माकडताप होऊ शकतो का? (एक वाचक, धायरी)

उत्तर : सॅपेलोव्हायरसची भीती नको. माकडताप, म्हणजे क्यासनूर जंगलताप, हा अगदी वेगळ्या कुलातील विषाणूमुळे होतो. 1957 साली कर्नाटकातील शिमोगा भागात माकडे मरू लागली, तेव्हा पुण्याच्या तत्कालीन विषाणू संशोधन केंद्राने, म्हणजे आजच्या राष्ट्रीय विषाणू विज्ञान संस्थेने, तो शोधून काढला. तो मुख्यतः गोचिडीच्या चाव्याने होतो; आजारी किंवा नुकत्याच मेलेल्या माकडाच्या संपर्कातूनही तो होऊ शकतो. महाराष्ट्रात त्याचे रुग्ण सिंधुदुर्गात आढळले आहेत.

माकड चावले किंवा त्याने ओरबाडले, तर मात्र जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटे धुवावी आणि रेबीजच्या लसीसाठी त्याच दिवशी रुग्णालयात जावे. खाऊची पिशवी हातात न धरता पाठीवरच्या पिशवीत ठेवावी, आणि माकडांना खाऊ घालू नये.