"मला टीमच वाईट मिळते"

"मॅडम, मी चांगलाच खेळतो हो. मला टीमच भिकार मिळते, त्याला मी काय करू?"

ऑनलाइन सांघिक गेम खेळणारी मुलं समुपदेशनाला आली की हे वाक्य कुठल्या ना कुठल्या रूपात येतंच. हे म्हणणारा मुलगा बावीस वर्षांचा, कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला. (ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत.) त्याला आईने पाठवलं होतं. रात्री दोन वाजता खोलीतून ओरडण्याचे आवाज येत होते आणि एकदा हेडफोन भिंतीवर आपटला होता. आईचा प्रश्न होता, हे व्यसन आहे का? मुलाचा प्रश्न निराळाच होता. दोन वर्षं डोटा २ खेळतोय, रोज खेळतोय, तरी रँक जागची का हलत नाही?

ज्यांना हा खेळ माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. पाच विरुद्ध पाच. प्रत्येकाकडे एक हीरो. नकाशावर तीन वाटा, त्यांना लेन म्हणतात. प्रत्येक लेनवर बुरूज, त्यामागे बॅरॅक्स आणि शेवटी 'एन्शंट' नावाची मुख्य इमारत. ती ज्यांची आधी पडली ते हरले. पब मॅच म्हणजे ओळख ना पाळख अशा लोकांबरोबर लागलेली मॅच. रँकच्या मॅचमध्ये जिंकलं की साधारण २५ एमएमआर (रँक ठरवणारे गुण) वाढतो, हरलं की साधारण तेवढाच उतरतो. एक मॅच पाऊण तास सहज खाते.

आईच्या प्रश्नाचं उत्तर आधी देऊन टाकते. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-११ मध्ये 'गेमिंग डिसऑर्डर' हे निदान आहे. २०२२ पासून ती वर्गवारी लागू झाली. पण त्याच्या अटी कडक आहेत. खेळण्यावरचा ताबा सुटणं, बाकी सगळ्यापेक्षा खेळ वरचढ होणं, नुकसान दिसत असूनही चालू ठेवणं, आणि हे साधारण बारा महिने. या मुलाच्या परीक्षा वेळेवर होत होत्या, मित्र होते, सुट्टीत आठवडाभर तो गेमशिवाय राहिला होता. बिघडली होती ती झोप, आणि हरल्यानंतरचा तास. त्यामुळे 'खेळ बंद कर' हा सल्ला मी दिला नाही. तो त्याने पाळलाही नसता.

'टीमच वाईट' या तक्रारीवर घरात 'नाचता येईना अंगण वाकडं' ऐकवलं जातं. ते ऐकलं की मुलगा उठून जातो. त्यापेक्षा आकडेमोड बरी. वाईट खेळाडू दोन्ही टीममध्ये सारख्याच शक्यतेने येतात असं धरू. तुझ्या टीममध्ये अशा अनोळखी जागा चार, समोर पाच. तू स्वतः खरोखर तुझ्या रँकपेक्षा चांगला असशील, तर शेकडो मॅचेसमध्ये हे पारडं तुझ्याच बाजूला झुकायला हवं. ते झुकत नसेल तर प्रत्येक मॅचमध्ये कायम असलेला एकमेव खेळाडू तपासावा लागतो.

त्याने लगेच मुद्दा काढला, "पण मी सलग सहा हरलोय!" तेही तपासलं. नाणं शंभर वेळा उडवलं तर कुठेतरी सलग पाच वेळा काटाच पडण्याची शक्यता ८० टक्क्यांच्या आसपास असते. सलग सहाची निम्म्याहून थोडी जास्त. म्हणजे शंभर मॅच खेळणाऱ्याला अशी पडझड सोसावीच लागते. कुणी मुद्दाम त्याच्या वाट्याला वाईट माणसं देत नसतं. हे पटायला त्याला दोन सत्रं लागली. एकदा तर त्याने घरी बसून खरंच नाणं उडवलं.

पुढचं काम कंटाळवाणं होतं. शेवटच्या पाच हरलेल्या मॅचेसचे रिप्ले उतरवून घ्यायचे (ते काही दिवसच मिळतात), आणि फक्त स्वतःचे मृत्यू पाहायचे. बाकी काही नाही. प्रत्येक मृत्यूसाठी वहीत चार गोष्टी: मिनिट, जागा, त्या क्षणी मिनिमॅपवर (कोपऱ्यातल्या छोट्या नकाशावर) विरोधी टीमचे किती जण दिसत होते, आणि टीपी होती का. टीपी म्हणजे टाऊन पोर्टल स्क्रोल, आपल्या बुरुजापाशी झटकन पोचवणारी १०० गोल्डची (खेळातल्या पैशांची) वस्तू. ती नसल्यामुळे मॅच हरणारे लोक बघितले की हसावं की रडावं कळत नाही.

पाच मॅचेसमध्ये ४१ मृत्यू निघाले. त्यातले १७ नदीपलीकडे, समोरच्यांच्या अर्ध्या भागात, एकट्याने फार्म करताना, म्हणजे गोल्ड गोळा करताना. आणि त्या वेळी मिनिमॅपवर विरोधी टीमचे तीन किंवा जास्त जण गायब. नऊ मृत्यू टीमच्या आधी उडी मारल्यामुळे. सहा मृत्यू लढाई जिंकून झाल्यावर पळत्याच्या मागे लागल्यामुळे. उरलेले नऊ खरोखर टाळता न येणारे. यातला एकही रकाना 'टीम' या सदरात जात नव्हता. मी काही बोलले नाही. वही त्याच्याकडेच होती.

एक मृत्यू मात्र आम्ही दोघांनी पुन्हा पुन्हा पाहिला. एकतिसावं मिनिट. मधल्या लेनवर लढाई झाली, समोरचे चार मेले. परत यायला त्यांना ४८ ते ५५ सेकंद लागणार होते. हे आकडे स्क्रीनच्या वरच्या पट्टीवर सगळ्यांनाच दिसतात. आपली क्रीपची (आपोआप चालून जाणाऱ्या छोट्या सैनिकांची) लाट त्यांच्या बुरुजाखाली पोचलेली. पाचवा, स्नायपर नावाचा हीरो, थोड्याशा रक्तावर जंगलात पळाला. आपला मुलगा, त्याचा हीरो फँटम असॅसिन, त्याच्या मागे. बावीस सेकंदांनी स्नायपर मेला. मुलाने चॅटमध्ये समोरच्यांना एक टोमणा टाकला आणि तिथल्याच जंगलातला एक कॅम्प (गोल्ड देणाऱ्या प्राण्यांचा तळ) मारायला घेतला. मेलेले चौघे परत आले तेव्हा तो एकटा, त्यांच्या दारात. बुरूज पडला नाही, बॅरॅक्सला हात लागला नाही. नऊ मिनिटांनी एन्शंट गेलं, ते त्याच्या टीमचं.

"टीमने पुश केलं नाही," म्हणजे बुरुजावर चाल केली नाही, हेच तो पहिल्या सत्रात या मॅचबद्दल म्हणाला होता. मग रिप्ले सपोर्टच्या, म्हणजे टीममधल्या मदतनीस खेळाडूच्या, नजरेतून लावला. त्या सपोर्टने चॅटमध्ये तीनदा 'मिड' (मधली लेन) लिहिलं होतं आणि बुरुजासमोर एकटा उभा होता.

पब मॅच जिंकण्याचा अर्धा प्रश्न इथेच असतो. किल म्हणजे गुण नव्हेत. किल म्हणजे उसनी मिळालेली पन्नास सेकंदं. ती कशावर खर्च करायची हे लढाईआधीच ठरलेलं असावं. आपली लाट पुढे असेल तर बुरूज किंवा बॅरॅक्स. लाट मागे असेल तर रोशन, म्हणजे नकाशावरचा मोठा राक्षस. तेही जमणार नसेल तर नकाशाच्या आपल्या बाजूने फार्म, आणि पुढच्या लढाईआधी एखादी वस्तू पूर्ण. रोशनचं एजिस मेल्यावर एक पुनर्जन्म देतं, पण ते पाच मिनिटंच टिकतं. पबमध्ये एजिस घेऊन लोक चार मिनिटं जंगलात फिरतात आणि उरलेल्या एका मिनिटात लढायला धावतात.

वस्तूंच्या बाबतीतही एक जुनं दुखणं निघालं. फँटम असॅसिन शत्रूवर झेप घेते, म्हणजे सगळ्यांचे स्टन (हीरोला काही क्षण जखडून ठेवणारे वार) तिच्यावरच पडणार. अशा वेळी ब्लॅक किंग बार, ज्याला सगळे बीकेबी म्हणतात, काही सेकंद बहुतेक जादू अडवतो. हा मुलगा मात्र आधी डेसोलेटर, मग क्रिटिकल वाढवणारं डेडलस घ्यायचा. "डॅमेज कमी पडतं," त्याचं म्हणणं. स्टनमध्ये उभ्या असलेल्या हीरोचं डॅमेज शून्य असतं, हे त्याला रिप्लेनेच सांगितलं. समोर दोनपेक्षा जास्त स्टन असतील तर दुसरी मोठी वस्तू बीकेबी, हा नियम त्याने वहीच्या पहिल्या पानावर लिहिला. पंचविसाव्या मिनिटानंतर बायबॅकचे (मेल्यावर गोल्ड देऊन लगेच परत येण्याचे) पैसे शिल्लक ठेवणं, हा दुसरा. बायबॅक एकदा वापरला की आठ मिनिटं पुन्हा मिळत नाही. त्यामुळे लेनमधल्या किरकोळ मृत्यूवर तो उधळायचा नाही.

हीरो दोनच ठेवायचे, हेही ठरलं. तो तोपर्यंत महिन्यात वीसेक हीरो खेळत होता आणि एकाचीही पहिली दहा मिनिटं त्याच्या हातात बसलेली नव्हती. क्रीपची लाट दर ३० सेकंदांनी येते, सुरुवातीला लाटेत चार क्रीप असतात. म्हणजे दहा मिनिटांत ऐंशीच्या घरात. त्यातले याला तीसच मिळायचे. रोज एक मॅच कमी खेळून एकट्याने सरावाच्या लॉबीत दहा मिनिटं फक्त लास्ट हिट (क्रीपला मारणारा, गोल्ड मिळवून देणारा शेवटचा घाव) मारायचे. कंटाळा येतो, पण दोन आठवड्यांत आकडा ४५ वर गेला. मोफत मिळालेली एखादी छोटी वस्तूच म्हणा.

सगळं इतकं सरळ झालं नाही. दुसऱ्या आठवड्यात मॅचमागे मृत्यू ८ वरून २ वर आले आणि तो खुशीत आला. पण मॅचेस तरीही हरत होत्या. रिप्लेत दिसलं की मरायला नको म्हणून तो लढाईलाच जात नव्हता. टीम चार विरुद्ध पाच लढत होती आणि हा खालच्या लेनवर क्रीप मारत होता. मग वहीत नवा रकाना पडला: 'आपल्या बुरुजापाशी लढाई झाली तेव्हा टीपी मारली का?' मृत्यू मोजणं हा काही शून्यावर येण्याचा खेळ नाही. पाच-सहा मृत्यू आणि प्रत्येकाच्या बदल्यात काहीतरी मिळालेलं, हे दोन मृत्यूंपेक्षा कितीतरी बरं.

त्याहून गमतीचा बिघाड तिसऱ्या आठवड्यात. नवं ज्ञान मिळाल्यावर तो टीममधल्यांना शिकवायला लागला. नदीपलीकडे का गेलास, टीपी का नाही घेतलीस. अनोळखी माणसाला मॅच चालू असताना चूक दाखवली की तो आणखी चुकतो किंवा मुद्दाम मरत सुटतो. त्यामुळे नियम झाला: चॅटमध्ये फक्त पुढे काय करायचं तेवढं बोलायचं, मागे काय झालं ते नाही. 'लढाईनंतर रोशन', 'मी बीकेबीपर्यंत दोन मिनिटं थांबतो', बस. कुणी शिवी दिली की पहिल्याच शिवीला स्कोअरबोर्ड उघडून म्यूट, उत्तर न देता. त्याला यात कमीपणा वाटायचा. पण उत्तर टाइप करायला जी सहा सेकंदं लागतात त्या वेळी हीरो उभा असतो, आणि उभा हीरो मरतो.

मूळ दुखणं, हरल्यानंतरचा तास, ते शेवटी हाती आलं. त्याच्या मॅचेसच्या यादीत आम्ही प्रत्येक रात्रीला खुणा केल्या. रात्रीच्या पहिल्या दोन मॅचेस पाहिल्या तर २४ पैकी १३ जिंकलेल्या. सलग दोन हरल्यानंतर त्याच रात्री खेळलेल्या १९ पैकी ६. 'गेलेले पॉइंट आत्ता परत मिळवतो' म्हणून बोट लगेच पुढच्या मॅचकडे जातं. मागच्या मॅचचा राग आणि अपुरी झोप घेऊन तो ड्राफ्टमध्ये (हीरो निवडण्याच्या टप्प्यात) बसतो, आणि पहिल्या चुकीलाच टीमवर खेकसतो. दोन सलग पराभव की त्या दिवसापुरती रँकची मॅच बंद. दोन मॅचेसच्या मध्ये खुर्चीतून उठून दहा मिनिटं. हा एकच नियम पाळायचा असेल तर हा पाळ, असं त्याला सांगितलं होतं, आणि सगळ्यात जास्त वेळा मोडलाही हाच गेला.

दोन महिन्यांत ६० मॅचेस झाल्या. ३३ जिंकल्या, २७ हरल्या. सहा मॅचेसचा फरक, म्हणजे सुमारे १५० एमएमआर. "फक्त दीडशे?" तो म्हणाला. खरं तर ६० मॅचेसवरून तेवढंही ठामपणे सांगता येत नाही. नशिबानेही एवढं होऊ शकतं. मृत्यूंची सरासरी आठवरून साडेपाचवर आली आहे, ते मात्र नशीब नव्हे.

आईशीही एक बोलणं झालं. मध्येच हाक मारली की मुलगा का खवळतो हे तिला कळत नव्हतं. पब मॅच मधे थांबवून जेवायला उठता येत नाही. पाच मिनिटांपेक्षा जास्त वेळ बाहेर राहिलं की ती सोडल्याची नोंद होते, चार जण अडकतात, आणि असं वारंवार झालं की 'लो प्रायॉरिटी'त टाकतात, जिथून बाहेर पडायला ठरावीक मॅचेस जिंकाव्या लागतात. आता त्याच्या दारावर एक छोटी पाटी आहे. मॅच लागली की तो तीवर वेळ लिहितो. त्या वेळेपासून तासाभरात हाक मारायची नाही, ही आईची बाजू. रात्री साडेदहानंतर पाटीवर नवी वेळ लिहायची नाही, ही त्याची.