काहील उकळली की चित्र का अडकतं?

प्रश्न : करवीर तालुक्यातल्या आमच्या गुऱ्हाळघरात आठ कॅमेरे आहेत. शाहू मार्केट यार्डातल्या दुकानात बसून आम्ही ते क्रोममध्ये बघतो. पहाटे सगळं ठीक असतं. रस उकळायला लागला की चित्र अडकतं. कधी दोन-तीन मिनिटांपूर्वीचंच दिसत राहतं. दोन चौकटी तर कायम काळ्या. गुऱ्हाळावरचं नेट वाढवून घ्यावं का?

उत्तर : इतक्यात नको. गुऱ्हाळावर फोन लावा आणि कुणाला तरी कॅमेऱ्यासमोर हात वर करायला सांगा. हात लगेच दिसला, पण कोपऱ्यातली वेळ चुकीची असेल, तर नुसतं कॅमेऱ्याचं घड्याळ बिघडलंय. हात उशिरा दिसतो आणि उशीर वाढतच जातो, तर अपलोड, म्हणजे गुऱ्हाळावरून चित्र बाहेर पाठवायचा नेटचा वेग, पुरत नाही.

तुमच्याकडे ते वाफेमुळे होत असावं. एच.२६४ मध्ये (कॅमेरा चित्र दाबून लहान करतो ती पद्धत) बहुतेक वेळ चित्राचा बदललेला भागच पाठवला जातो, म्हणून थंड चुलवाणाचं चित्र थोडक्यात भागतं. काहिलीवर वाफ उसळली की अख्खी चौकट सतत बदलते आणि व्हीबीआरवरचा (गरजेप्रमाणे कमी-जास्त डेटा पाठवणारा) कॅमेरा बिटरेट, म्हणजे दर सेकंदाचा डेटा, चढवत नेतो. कॅमेरे जोडलेल्या रेकॉर्डरमध्ये सबस्ट्रीमला (लांबून बघायच्या हलक्या चित्राला) एच.२६४, ६४०×३६०, सेकंदाला १२ फ्रेम, सीबीआर (ठरलेला बिटरेट) आणि ५१२ केबीपीएस ठेवा. आय-फ्रेमचं (पूर्ण चित्र पाठवणाऱ्या फ्रेमचं) अंतर २४ फ्रेम करा, म्हणजे फाटलेलं चित्र दोन सेकंदांत सावरतं. आठांचे मिळून साधारण ४ एमबीपीएस होतात. अपलोड ६ एमबीपीएस तरी असावं. (डाउनलोडचा आकडा दाखवून कुणी समजूत काढली तर ऐकू नका.) मेनस्ट्रीम (मोठं, स्पष्ट चित्र) रेकॉर्डिंगपुरता असू दे. तपासणी मात्र चुलवाण पेटलेलं असतानाच करा.

काळ्या चौकटी दोनच का? साध्या एचटीटीपीवर (http:// ने सुरू होणाऱ्या पत्त्यावर) क्रोम एका पत्त्याला एकावेळी सहाच जोडण्या देतो. चित्र सतत वाहत असेल तर प्रत्येक कॅमेरा एक जोडणी अडवून बसतो, सातवा-आठवा ताटकळतो. दुसरा टॅब उघडून उपयोग नाही, मर्यादा तीच. एकावेळी चार-चार बघा.

उरला जुन्या चित्राचा प्रश्न. टॅब मागे गेला की ब्राउझर बिनआवाजी व्हिडिओ थांबवू शकतो. परत आलात की तो थांबल्या जागेवरून पुढे चालतो. तेव्हा कॅमेऱ्यांना वेगळी खिडकी द्या आणि ती हिशेबाच्या शीटखाली पूर्ण झाकू नका, झाकलेली खिडकीही क्रोम मागचीच धरतो. क्रोमच्या सेटिंग्जमध्ये परफॉर्मन्स उघडून रेकॉर्डरचा पत्ता ‘या साइट नेहमी सुरू ठेवा’च्या यादीत घाला. तरी मागे पडलंच तर एफ५ दाबा.