जपानी कार्टून म्हणजे मोबाईलमुळं आलेलं फॅड आहे का?

नाही. आणि फॅड हा शब्द वाचला म्हणूनच लिहायला बसलो, आमचे दाजी पण हेच म्हणतात.

2016 ला मी शारजात एका गोडाऊनवर नाईटला होतो. सुपरवायझर फिलिपिनो, पंचेचाळिशीचा, कडक माणूस, पण रात्री दोनला माल मोजताना एक गाणं गुणगुणायचा. एकदा विचारलं तर म्हणाला जपानी आहे, व्होल्टेस फाईव्हचं, अर्थ मला पण माहीत नाही पण आमच्याकडं सगळ्यांना पाठ आहे. 1978 ला त्यांच्या टीव्हीवर ही रोबोची मालिका लागली, अख्खी गल्ली बघायची, आणि 1979 ला मार्कोसनं, म्हणजे तिथल्या हुकूमशहानं, हिंसा दाखवतात म्हणून बंद केली, तीपण शेवटचे मोजकेच भाग राहिले असताना. मालिकेत पोरं सम्राटाविरुद्ध लढतात, खरं कारण तेच असं तिकडं लोक अजून म्हणतात. हा तेव्हा सात-आठ वर्षांचा, टीव्हीपुढं जाऊन बसला तर दुसरंच काहीतरी लागलेलं. सांगताना आवाज जड झाला त्याचा. तेवढ्यात लेबनॉनचा ड्रायव्हर आला, म्हणाला आमच्याकडं ग्रेंडायझर होता, तीपण जपानी रोबोची मालिका, अरबीत डब केलेली, बाहेर यादवी चाललेली आणि आम्ही पोरं लाईट यायची वाट बघायचो. पुढं अर्धा तास दोघं कुणाचा रोबो भारी यावर भांडत होते, माल तसाच पडलेला.

तेव्हा कुठं होता मोबाईल? फ्रान्स, इटलीत पण हाच ग्रेंडायझर 1978 लाच गाजला, तिथं नाव वेगळं. टीव्हीवाल्यांना स्वस्तात मालिका मिळाल्या हे खरं, पण स्वस्त म्हणून कोणी चाळीस वर्षं गाणं पाठ ठेवत नाही. व्होल्टेसमध्ये हिरोंची आई सुरुवातीलाच मरते ती मरतेच, आणि ज्याच्याशी एवढं लढले तो सावत्र भाऊ निघतो. हे कळतं शेवटाला, म्हणजे नेमकं जे तिकडच्या पोरांना बघू दिलं नाही ते. मार्कोस गेल्यावरच तो शेवट त्यांना बघायला मिळाला.

म्हणून सांगतो, पोराचं काढून घेऊ नका. दाजींनी भाच्याची मांगा म्हणजे जपानी चित्रकथांची सगळी पुस्तकं दहावीच्या वर्षी रद्दीत घातली, अभ्यास होत नाही म्हणून. अभ्यास त्यानं केलाच असता, पण बापाशी बोलायचा तो बंद झाला ना. हां, सगळंच लहान पोरांसाठी नसतं, वय बघून द्यावं, तेवढं दाजींचं बरोबर आहे.

तीच पुस्तकं मी परत घेतलीत. माझ्याकडं कपाटात आहेत, सुट्टीला आला की वाचतो. ताईला माहीत आहे.