वाचक विचारतात : सुलोचनादीदी आपल्याच ओ!

प्रश्न : ताई, परवा टीव्हीवर जुना हिंदी पिक्चर लागलेला, नातीला म्हटलं ही बघ आपल्या निपाणीजवळच्या खडकलाटची, तर ती म्हणते ही तर सारखी रडणारी आई! सुलोचनाबाईंनी मराठीत काय काय केलं ते जरा सांगा की. – एक आजी, निपाणी

उत्तर : आजी, नातीला आधी हे सांगा की दीदी पहिल्यांदा हिरोईन होत्या, आई नंतर. जन्म 30 जुलै 1928, गाव खडकलाट, आणि कोल्हापूर आपल्याला हाकेच्या अंतरावर, त्यामुळे सिनेमाची वाट तिकडूनच गेली. आधी मास्टर विनायकांच्या सिनेमा कंपनीत लहानसहान कामं आणि मग जयप्रभा स्टुडिओत दिग्दर्शक भालजी पेंढारकर. सुलोचना हे नाव भालजींनीच दिलं. बोली आपल्या गावाकडची रांगडी, पण भालजींच्या हाताखाली वाचन, पाठांतर, उच्चार सगळं घोटून घेतलं, आणि त्याच बाईंनी पुढे 1964 च्या 'मराठा तितुका मेळवावा'मध्ये जिजाऊ उभी केली, ती बघताना ही खेड्यातून आलेली मुलगी असं कुणाच्या मनातसुद्धा येत नाही. मला विचाराल तर त्यांचं सगळ्यात मोठं काम हेच. 'वहिनींच्या बांगड्या' 1953 चा, 'सांगत्ये ऐका' 1959 चा, हे दोन नातीसोबत बसून बघाच.

आता त्या रडणाऱ्या आईचं. 1959 ला 'सुजाता' आला तेव्हा दीदी जेमतेम तिशी-एकतिशीच्या आणि नूतन त्यांच्यापेक्षा फक्त आठ वर्षांनी लहान, तरी तिला वाढवणाऱ्या आईचा रोल केला. 1970 ला 'जॉनी मेरा नाम'मध्ये देव आनंदची आई, आणि देव आनंद वयानं त्यांच्यापेक्षा पाच वर्षांनी मोठा! पण बघताना आपल्याला एकदा तरी खटकतं का ओ? ते नुसत्या मेकअपनं होत नाही, चालणं बोलणं नजर सगळं वयाचं करावं लागतं, त्याला रडारड म्हणणं मला तरी पटत नाही.

1999 ला पद्मश्री, 2009 ला महाराष्ट्र भूषण. सीमेच्या अलीकडे, कर्नाटकात जन्मलेल्या आपल्या बाईला महाराष्ट्र भूषण, याचा अभिमान मला कायम वाटतो. 4 जून 2023 ला मुंबईत गेल्या, 94 वर्षांच्या होत्या.

प्रश्न : मातृभाषा कन्नड आणि नाव मराठीत झालं, अशी कोण नटी होती का? – एक वाचक, खानापूर

उत्तर : होती की, शांता हुबळीकर! हुबळीजवळच्या अदरगुंचीच्या, मूळ नाव राजम्मा. आधी कन्नड नाटक कंपनीत, मग सिनेमात. 1939 ला प्रभात फिल्म कंपनीच्या 'माणूस'मध्ये त्यांनी मैना केली आणि त्यातलं 'कशाला उद्याची बात' हे गाणं स्वतःच गायलं, ज्यात वेगवेगळ्या भाषांतली कडवी आहेत. पुढे आत्मचरित्राला नावसुद्धा तेच दिलं. लायब्ररीत मिळालं तर सोडू नका.