विशेष दलाची वाट कमिशननंतर सुरू होते

भारतीय सैन्याच्या पॅरा स्पेशल फोर्सेस (पॅरा एसएफ) या कमांडो दलातील अधिकाऱ्याच्या कारकिर्दीविषयी आलेल्या पत्रांपैकी पाच पत्रे या अंकात घेतली आहेत. पत्रांचा मजकूर जागेअभावी थोडा आटोपशीर केला असून पत्रलेखकांची नावे त्यांच्या विनंतीवरून दिलेली नाहीत.

प्रश्न : मी अकरावीत आहे. मला पॅरा कमांडो अधिकारी व्हायचे आहे. त्यासाठी थेट परीक्षा कोणती? आमच्या भागातील एका अकादमीने ‘कमांडो बॅच’साठी वर्षभराची फी सांगितली आहे. मी रोज पहाटे दहा किलोमीटर पळतो. गणित मात्र कच्चे आहे. (एक विद्यार्थी, संगमनेर)

अशी थेट परीक्षा नाही. बारावीनंतर किंवा पदवीनंतर कोणालाही सरळ विशेष दलात अधिकारी म्हणून घेतले जात नाही आणि कोणत्याही खासगी ‘कमांडो बॅच’चा त्या निवडीशी काडीमात्र संबंध नाही. ती फी वडिलांच्या खिशातच राहू दे.

क्रम असा आहे. आधी सैन्यात कमिशन, म्हणजे अधिकारीपदाची नेमणूक, मिळवायचे. त्यानंतर, किंवा लष्करी प्रबोधिनीतील प्रशिक्षणाच्या शेवटच्या टप्प्यावर आपली पसंती नोंदवताना, पॅरा स्पेशल फोर्सेससाठी स्वेच्छेने नाव द्यायचे. मग एखाद्या पॅरा एसएफ बटालियनमध्ये प्रोबेशनसाठी, म्हणजे कसोटीच्या काळासाठी, जायचे आणि तिथे टिकलास तर तू त्या दलाचा झालास. ‘स्वेच्छेने’ हा शब्द नीट वाच. या दलात हुकूम काढून कोणाला पाठवत नाहीत आणि आलेल्या प्रत्येकाला ठेवूनही घेत नाहीत.

तुझ्या वयाला सर्वांत जवळचा दरवाजा एनडीएचा, म्हणजे पुण्याजवळच्या खडकवासल्याच्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीचा. यूपीएससी तिची परीक्षा वर्षातून दोनदा घेते. वयाची अट साधारण साडेसोळा ते साडेएकोणीस वर्षांची असते आणि भूदलासाठी बारावीची कोणतीही शाखा चालते. तरीही लेखी परीक्षेतील नऊशे गुणांपैकी तीनशे गुण गणिताचे असतात, त्यामुळे कला शाखेच्या मुलालाही गणितापासून सुटका नाही. पहाटेच्या दहा किलोमीटरपैकी पाच कमी कर आणि तो वेळ गणिताला दे. पळण्याची तयारी पुढे प्रबोधिनी तुझ्याकडून पुरेपूर करून घेईल. त्रिकोणमिती मात्र तुला घरूनच घेऊन जावी लागेल.

लेखी परीक्षेनंतर एसएसबीची, म्हणजे अधिकारी निवडणाऱ्या मंडळाची, पाच दिवसांची मुलाखत असते. तिथे मानसशास्त्रीय चाचण्या, मैदानावरील गटकार्ये आणि वैयक्तिक मुलाखत यांतून एकच गोष्ट पाहतात, ती म्हणजे या मुलाच्या हाताखाली माणसे द्यावीत की नाही. ‘मला कमांडोच व्हायचे आहे’ असे तिथे छाती पुढे काढून सांगणारे पुष्कळ येतात, पण त्या एका वाक्याने कोणावर छाप पडत नाही. वैद्यकीय तपासणीत सपाट तळवे, एकमेकांना लागणारे गुडघे आणि दृष्टिदोष यांवर मुले बाद होतात, म्हणून लष्करी निकष माहीत असलेल्या डॉक्टरांकडून आताच तपासून घे.

महाराष्ट्रात यासाठी सरकारी सोय आहे. छत्रपती संभाजीनगर येथील सैनिकी सेवापूर्व शिक्षण संस्था १९७७पासून अकरावी-बारावीच्या मुलांची एनडीएसाठी तयारी करून घेते. तिथला प्रवेश दहावीनंतर असल्याने तुझी संधी गेली. तुझ्या धाकट्या भावंडांना मात्र अवश्य सांग.

प्रश्न : मी मेकॅनिकल इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे. एनडीएचे वय उलटून गेले. आता विशेष दलाचे स्वप्न सोडून द्यावे का? (एक वाचक, पुणे)

सोडण्याचे कारण नाही. पदवीधरांसाठी यूपीएससीची सीडीएस परीक्षा आहे. तिच्यातून डेहराडूनच्या आयएमए किंवा चेन्नईच्या ओटीए या अधिकारी घडवणाऱ्या प्रबोधिन्यांत जाता येते. अभियंत्यांसाठी याशिवाय टीजीसी हा तांत्रिक प्रवेश आहे. त्यात लेखी परीक्षा नसते, पदवीच्या गुणांवरून निवडलेल्यांना थेट एसएसबीला बोलावतात आणि वयाची मर्यादा सत्तावीस वर्षांपर्यंत असते. तुम्ही कोणत्या दाराने आत आलात हे प्रोबेशनला कोणी विचारत नाही. पायदळ, तोफखाना, इंजिनिअर्स, सिग्नल्स अशा निरनिराळ्या शाखांतील अधिकारी पॅरा एसएफसाठी पुढे येतात आणि सैन्याच्या वैद्यकीय सेवेतील डॉक्टरसुद्धा प्रोबेशन पार करून या बटालियनांबरोबर राहतात.

मेजर मोहित शर्मा यांचे उदाहरण तुमच्यासाठी मुद्दाम देतो. शेगावच्या अभियांत्रिकी महाविद्यालयातील प्रवेश सोडून ते १९९५मध्ये एनडीएत गेले. १९९९मध्ये त्यांना कमिशन मिळाले ते मद्रास रेजिमेंटच्या पाचव्या बटालियनमध्ये, आणि पॅरा स्पेशल फोर्सेसमध्ये ते काही वर्षांनी आले. मार्च २००९मध्ये कुपवाड्याच्या जंगलात लढताना त्यांना वीरमरण आले आणि मरणोत्तर अशोकचक्राने त्यांचा गौरव झाला. त्यांची पहिली पलटण विशेष दलाची नव्हती, एवढे लक्षात घ्या. साध्या पलटणीत दोन-तीन वर्षे जवानांबरोबर घालवून मग प्रोबेशनला आलेला अधिकारी अनेकदा अधिक पक्का निघतो, असे माझे मत आहे. याबाबत सैन्यात दुमत आहे, हेही सांगून ठेवतो.

प्रश्न : मी एनसीसीची ‘सी’ प्रमाणपत्रधारक आहे. मुलींना पॅरा एसएफमध्ये अधिकारी होता येते का? (एक वाचक, रत्नागिरी)

आजच्या नियमांनुसार पॅरा एसएफच्या लढाऊ तुकड्या आणि पायदळ महिला अधिकाऱ्यांसाठी खुले नाहीत. पॅराशूटच्या उड्यांचे प्रशिक्षण मात्र खुले आहे. हवाई दलातील आणि सैन्याच्या वैद्यकीय सेवेतील अनेक महिलांनी आग्र्याच्या पॅराट्रूपर्स ट्रेनिंग स्कूलमध्ये उड्या मारून विंग्ज, म्हणजे छत्रीधारी सैनिकाचा बिल्ला, मिळवल्या आहेत. एनडीएत मुलींची पहिली तुकडी २०२२मध्ये दाखल झाली आणि सैन्याच्या तोफखान्याचे दारही अलीकडेच महिलांसाठी उघडले, तेव्हा नियम बदलत आहेत. आपल्या ‘सी’ प्रमाणपत्रामुळे एनसीसी स्पेशल एन्ट्रीतून लेखी परीक्षेशिवाय एसएसबीला जाता येते. ती संधी या नियमांच्या बदलाची वाट पाहण्यात घालवू नये.

प्रश्न : मुलाच्या हट्टापुढे आम्ही नमते घेतले आहे. पण कमांडोचे आयुष्य पस्तिशीपर्यंतचे, असे ऐकतो. त्यानंतर काय? पगार, बढती यांचे गणित कसे असते? (एक पालक, कराड)

आधी आकडे. लेफ्टनंटचे मूळ वेतन ५६,१०० रुपयांपासून सुरू होते. त्यावर १५,५०० रुपये सैनिकी सेवा वेतन आणि महागाई भत्ता मिळतो. विशेष दलातील अधिकाऱ्याला सातव्या वेतन आयोगाने वेगळा भत्ता ठरवून दिला असून त्याचा मूळ दर महिना २५,००० रुपये आहे. सेवेच्या दुसऱ्या वर्षानंतर कॅप्टन, सहाव्या वर्षानंतर मेजर आणि तेराव्या वर्षानंतर लेफ्टनंट कर्नल, इथवरची बढती ठरलेल्या काळाने आणि आवश्यक परीक्षा उत्तीर्ण झाल्यावर मिळते. कर्नलपासून पुढे निवड होते आणि तिथे निमुळता पिरॅमिड सुरू होतो. विशेष दलात होता म्हणून तिथे कोणाला सवलत मिळत नाही.

आता आपल्या प्रश्नाच्या गाभ्याकडे येतो. प्रत्यक्ष धाडीवर जाणारी वर्षे खरोखरच थोडी असतात. तरुण कॅप्टन मूठभर माणसांची तुकडी घेऊन जातो, मेजर झाल्यावर त्याच्याकडे पूर्ण टीम येते, आणि त्यापुढे नकाशा, नियोजन, माहितीची छाननी आणि माणसे घडवणे हेच त्याचे मुख्य काम होते. मधल्या काळात बेळगाव, मिझोरममधील वैरेंग्टे किंवा गुलमर्ग अशा प्रशिक्षण संस्थांत प्रशिक्षक म्हणून नेमणूक होते. तमिळनाडूतील वेलिंग्टनच्या स्टाफ कॉलेजची स्पर्धा परीक्षा असते. मुख्यालयांतील टेबलावरची कामेही चुकत नाहीत. बाहेर ज्या गोष्टींचे आकर्षण असते त्या कारकिर्दीच्या पहिल्या दहा-बारा वर्षांत घडतात, आणि उरलेली वर्षे त्या अनुभवाच्या बळावर इतरांना चालवण्यात जातात.

सातारा जिल्ह्यातील पोगरवाडीचे कर्नल संतोष महाडिक आपल्या भागातल्या सर्वांना ठाऊक आहेत. साताऱ्याच्या सैनिक स्कूलचा हा विद्यार्थी १९९८मध्ये २१ पॅरा स्पेशल फोर्सेसमध्ये अधिकारी झाला आणि पुढे त्यांना सेना पदक मिळाले. (ही बटालियन पूर्वी मराठा लाइट इन्फंट्रीची एकविसावी बटालियन होती, हे आपल्याकडे फारसे कोणाला माहीत नसते.) परंतु नोव्हेंबर २०१५मध्ये कुपवाड्यात त्यांना वीरमरण आले तेव्हा ते विशेष दलाच्या बटालियनमध्ये नव्हते; ते दहशतवादविरोधी काम करणाऱ्या ४१ राष्ट्रीय रायफल्सचे कमांडिंग ऑफिसर होते. त्यांना मरणोत्तर शौर्यचक्र मिळाले. स्पेशल फोर्सेसचा अधिकारी चाळिशीच्या आसपास काय करतो, या आपल्या प्रश्नाचे उत्तर यात आहे. तो इतर शेकडो जवानांची जबाबदारी घेतो आणि त्या जबाबदारीतही धोका असतोच. त्यांच्या पत्नी स्वाती महाडिक यांनी त्यानंतर चेन्नईच्या ओटीएत प्रशिक्षण पूर्ण करून २०१७मध्ये स्वतः कमिशन घेतले.

निवृत्ती कर्नलपर्यंत चौपन्नाव्या वर्षी येते आणि त्यापूर्वी बाहेर पडणाऱ्यांना सुरक्षा व्यवस्थापन किंवा प्रशासन या क्षेत्रांत कामे मिळतात. ‘कमांडो होता’ एवढ्यावर मिळणारी नोकरी बहुधा कोणाच्या तरी अंगरक्षकाची असते, आणि ती मुलाला आवडेलच असे नाही. म्हणून सेवेत असतानाच त्याने आणखी एखादी पदवी घ्यावी, असे त्याला आजच सुचवा.

प्रश्न : माझा मुलगा पायदळात लेफ्टनंट आहे. पॅरा एसएफच्या प्रोबेशनला गेला होता. दुसऱ्या महिन्यात परत पाठवले. रजेवर आला तो कोणाशी बोलत नाही. नातेवाईक ‘नापास झाला का’ असे विचारतात. त्याच्या पुढच्या नोकरीवर डाग लागेल का? (एक आई, सांगली जिल्हा)

ताई, डाग लागत नाही. प्रोबेशनवरून मूळ पलटणीत परत येण्याला सैन्यात ‘आरटीयू’ म्हणतात आणि आलेल्यांपैकी बहुसंख्यांच्या वाट्याला तेच येते. ते इतके नेहमीचे आहे की त्याच्या पलटणीत आठवडाभर थट्टा होईल आणि मग तो विषय संपेल.

नातेवाइकांना तिथे काय चालते याची कल्पना नसते, म्हणून थोडे सविस्तर लिहितो. प्रोबेशन किमान तीन महिने चालते. त्यात अधिकारी आणि जवान एकत्र असतात आणि अधिकाऱ्याला कोणतीही सूट नसते. पाठीवर वजन आणि हातात शस्त्र घेऊन रात्रभर चालायचे, झोप मिळते न मिळते तोच उठायचे, ‘जखमी’ सोबत्याला खांद्यावर घेऊन ठरावीक वेळेत अंतर कापायचे, आणि सगळे अंग दुखत असताना मध्येच थांबवून विचारतात की मघाशी वाटेत ठेवलेल्या वस्तू कोणत्या होत्या, त्या क्रमाने लिहून दे. जवानाने ते लिहिले की त्याचे काम झाले. अधिकाऱ्याला त्याच अवस्थेत नकाशा उघडून पुढच्या कारवाईची योजनाही मांडावी लागते. शिवाय त्याची पारख केवळ वरिष्ठ करत नाहीत. त्या बटालियनचे अनुभवी सुभेदार आणि हवालदार त्याला रोज बघत असतात, आणि ‘या साहेबाच्या मागे आम्ही जाऊ की नाही’ हे त्यांचे मत वजनदार असते. इतक्या गोष्टी एकाच वेळी जुळून याव्या लागतात. कधी गुडघा दगा देतो, कधी पोहणे कमी पडते, कधी माणूस सर्व बाबतीत चांगला असूनही त्या बटालियनच्या घडणीत बसत नाही. परत पाठवताना प्रत्येक वेळी कारण सांगतातच असे नाही, आणि मुलाच्या अबोल्यामागे तेही असू शकते.

त्याच्या पायदळातील बढतीवर याचा परिणाम होत नाही, कारण बढती गोपनीय अहवाल, कोर्समधील श्रेणी आणि हाताखालच्या माणसांकडून करून घेतलेले काम यांवर ठरते. दुखापतीमुळे परत आला असेल तर पुन्हा संधी मिळण्याचा प्रश्न तो आपल्या कमांडिंग ऑफिसरमार्फत विचारू शकतो. नसेल, तरी प्रत्येक पायदळी पलटणीत घातक प्लॅटून असते. धाडसी आणि अवघड कामे पलटण तिच्याकडेच देते, तिचे नेतृत्व तरुण अधिकारी करतो आणि त्यासाठीचा कमांडो कोर्स बेळगावला होतो. दोन महिने प्रोबेशन काढून आलेल्या अधिकाऱ्याला तो कोर्स जड जाणार नाही, उलट त्याच्या कमांडिंग ऑफिसरच्या मनात त्याचे नाव आधीपासून असण्याची शक्यता आहे.

नातेवाइकांना ‘तो त्याच्या पलटणीत परतला आहे’ एवढेच सांगा. त्याला मात्र सध्या काही विचारू नका. तो बोलेल तेव्हा बोलेल. रजा संपून गेल्यावर महिनाभराने बेळगावच्या कोर्ससाठी नाव दिले का, एवढे फोनवर सहज विचारून बघा. आणि तोवर झोप उडाली असेल, जेवण तुटले असेल किंवा तो दारूकडे वळताना दिसला, तर त्याच्या पलटणीच्या डॉक्टरांना भेटायला त्याला मोकळेपणाने सांगा. पलटणीचा डॉक्टर अशा गोष्टी रोज पाहतो, आणि त्याच्याकडे गेल्याने नोकरीवर काही बालंट येईल ही भीती मनातून काढून टाका.