केजीबी ही ‘गुप्तहेर संघटना’ की ‘गुप्त पोलीस’?

सोव्हिएत काळातील आठवणींचा मराठी अनुवाद करणाऱ्या एका वाचकाने विचारले आहे की, वृत्तपत्रांच्या सवयीप्रमाणे केजीबीला ‘रशियाची गुप्तहेर संघटना’ म्हणावे, की ‘गुप्त पोलीस’ म्हणावे. त्यांच्या मजकुरात एका लहान शहरातील केजीबीचा अधिकारी लोकांची पत्रे उघडून वाचतो आणि शिक्षकांना बोलावून दरडावतो. अशा माणसाला ‘गुप्तहेर’ म्हणताना त्यांचा हात अडखळला आणि तो योग्य ठिकाणीच अडखळला, असे मला वाटते.

मराठीत ‘हेरणे’ या क्रियापदाला आपले-परके असा भेद नाही. माणूस गर्दीतला ओळखीचा चेहराही हेरतो. ‘हेर’ हे नाम मात्र बहिर्जी नाइकांच्या कथांमुळे परमुलखाशी बांधले गेले आहे. वेशांतर करून शत्रूच्या गोटात शिरणारा तो हेर, अशीच आपली कल्पना असते. त्यामुळे ‘गुप्तहेर संघटना’ असे वाचले की मराठी वाचक मनाने लंडनला किंवा वॉशिंग्टनला जातो. केजीबी हे काम करत होतीच, आणि त्यासाठी ‘पहिले मुख्य संचालनालय’ हा तिचा स्वतंत्र विभाग होता. पण देशात वावरणाऱ्या परकीय हेरांचा माग काढणे, पुढाऱ्यांना संरक्षण देणे, सरकारी दळणवळण सांभाळणे आणि १९६७ पासून ‘पाचव्या संचालनालया’मार्फत लेखक, धर्मगुरू व मतभेद मांडणारे नागरिक यांच्यावर नजर ठेवणे, ही कामेही तिचीच होती. सीमेवर पहारा देणारी सशस्त्र दलेसुद्धा तिच्याच हाताखाली होती, आणि त्या पहारेकऱ्यांना कोणी हेर म्हणणार नाही.

‘गुप्त पोलीस’ हा शब्द या कामांच्या अधिक जवळ जातो, तरी तोही पूर्ण बसत नाही. चोऱ्या-मारामाऱ्या पाहणारे नेहमीचे पोलीस सोव्हिएत संघात वेगळे होते आणि त्यांना ‘मिलीत्सिया’ म्हणत. (इंग्रजीत ‘मिलिशिया’ म्हणजे नागरिकांचे सशस्त्र दल, म्हणून इंग्रजीवरून अनुवाद करणारे या मिलीत्सियाला ‘सशस्त्र टोळी’ करून टाकतात, आणि मग चौकातला वाहतूक पोलीस बंडखोर ठरतो.) शिवाय केजीबीच्या कारवाया गुप्त असल्या, तरी तिचे अस्तित्व गुप्त नव्हते. मॉस्कोच्या मध्यभागी लुब्यांका चौकातील तिची इमारत सर्वांना ठाऊक होती, आणि ती ठाऊक असणे हेच तिच्या दराऱ्याचे एक कारण होते.

ही गल्लत नावांच्या इतिहासाकडे पाहिल्यास सुटते. २० डिसेंबर १९१७ रोजी फेलिक्स जेर्झिन्स्की यांच्या नेतृत्वाखाली स्थापन झालेल्या संस्थेचे नाव प्रतिक्रांती आणि घातपात यांच्याशी लढणारा ‘असाधारण आयोग’ असे होते. त्याच्या रशियन रूपातील दोन आद्याक्षरांवरून ‘चेका’ हा शब्द रूढ झाला. या नावात हेरगिरीचा उल्लेखच नाही. परदेशांसाठीचा विभाग तीन वर्षांनी, १९२० च्या डिसेंबरात जोडला गेला. पुढे १९२२ मध्ये जीपीयू, लगेच ओजीपीयू, १९३४ मध्ये एनकेव्हीडी आणि अखेर मार्च १९५४ मध्ये केजीबी, अशी नावे बदलत गेली. कर्मचारी मात्र स्वतःला शेवटपर्यंत ‘चेकिस्ट’ म्हणवून घेत राहिले, आणि रशियात सुरक्षा कर्मचाऱ्यांचा दिवस आजही २० डिसेंबरलाच पाळला जातो.

नावापेक्षा महत्त्वाची आहे ती त्यामागची धारणा. भांडवलशाही राष्ट्रांनी आपल्याला वेढले आहे असे मानणाऱ्या राजवटीच्या दृष्टीने देशातील विरोधक हा बाहेरच्या शत्रूचाच हस्तक होता, त्यामुळे परराष्ट्रीय धोका आणि अंतर्गत धोका असे दोन कप्पे तिने मनात केलेच नाहीत. याचे सर्वांत भीषण उदाहरण म्हणजे ऑगस्ट १९३७ मध्ये आदेश क्रमांक ००४८५ ने सुरू झालेली ‘पोलिश मोहीम’. पोलंडसाठी हेरगिरी केल्याच्या आरोपाखाली एनकेव्हीडीने सुमारे १ लाख ४० हजार लोकांना शिक्षा ठोठावल्या आणि त्यांपैकी सुमारे १ लाख ११ हजार जणांना गोळ्या घातल्या. त्यांतील बहुतेक सोव्हिएत नागरिकच होते, आणि अनेकांचा पोलंडशी असलेला संबंध आडनावापुरता किंवा जन्मापुरता होता. इथे कागदोपत्री गुन्हा परराष्ट्राशी जोडलेला आहे आणि बळी घरचे आहेत. युरी आंद्रोपोव्ह यांची कारकीर्दही हेच सांगते. १९५६ च्या हंगेरीतील उठावाच्या वेळी ते बुडापेस्टमध्ये सोव्हिएत राजदूत होते, म्हणजे राजवटीविरुद्धचा उठाव त्यांनी परदेशात पाहिला होता. १९६७ मध्ये केजीबीचे अध्यक्ष होताच काही आठवड्यांत त्यांनी वर उल्लेखलेले पाचवे संचालनालय उभे केले.

केजीबी या अक्षरांचा शब्दशः अर्थ ‘राज्य सुरक्षा समिती’ असा आहे, पण मराठीत ती नागपूर अधिवेशनात नेमलेली एखादी समिती वाटेल, कारण आपल्याकडे राज्य म्हणजे आधी महाराष्ट्र. म्हणून काही जण ‘राष्ट्रीय सुरक्षा समिती’ लिहितात. मला ते मान्य नाही. सोव्हिएत संघ अनेक राष्ट्रसमूहांचा होता, आणि या समितीने जिचे रक्षण करायचे होते ती सत्ता पक्षाची होती. तिला अधिकृत भाषेतही ‘पक्षाची ढाल आणि तलवार’ म्हणत. ‘राज्यसंस्था सुरक्षा समिती’ हा पर्याय थोडा बोजड असला, तरी अर्थाला धरून आहे. पहिल्या उल्लेखात तो द्यावा, नंतर नुसते ‘केजीबी’ लिहावे आणि संस्थेचे वर्णन करायचे असेल तेथे ‘सुरक्षा यंत्रणा’ म्हणावे. प्रश्नातील अधिकाऱ्याला ‘केजीबीचा अधिकारी’ एवढेच पुरे आहे. ‘हेर’ हा शब्द परदेशात काम करणाऱ्यांसाठी राखावा, पण रशियन भाषा आपल्या हेराला ‘राझ्वेद्चिक’ म्हणजे टेहळणी करणारा म्हणते आणि शत्रूच्या हेराला ‘श्पियोन’, हे भान ठेवावे. मूळ लेखकाने यांपैकी कोणता शब्द वापरला आहे, त्यावरून बोलणाऱ्याची बाजू कळते.

पूर्व जर्मनीच्या राज्य सुरक्षा मंत्रालयाला, म्हणजे ‘श्टाझी’लाही हाच न्याय लागू होतो. १९५० मध्ये स्थापन झालेल्या या मंत्रालयात मार्कुस वोल्फ यांचा परदेशी हेरविभाग आणि स्वतःच्या नागरिकांवरील पाळत एकाच छताखाली होती. १९८९ मध्ये तिचे सुमारे ९१ हजार पूर्णवेळ कर्मचारी होते आणि त्याखेरीज ‘अनधिकृत सहकारी’ म्हणून नोंदलेले शेजारी, सहकारी, कधी नातेवाईकही. या सहकाऱ्यांसाठी मराठीत ‘खबऱ्या’ हा शब्द तयार आहे. त्याला पोलीस ठाण्याचा आणि गुन्हेगारी वस्तीचा वास येतो हे खरे, तरीही ‘हेर’पेक्षा तो कितीतरी बरा.

अनुवादातील प्रसंग १९९१ नंतरचे असतील तर मात्र वेगळा विचार करावा लागेल. त्या वर्षाच्या अखेरीस केजीबी बरखास्त झाली आणि तिचे परदेशी हेरखाते एसव्हीआर या नावाने वेगळे झाले. देशांतर्गत काम अनेक फेरबदलांनंतर १९९५ पासून एफएसबीकडे आहे. एसव्हीआरला ‘गुप्तहेर संघटना’ म्हणण्यास माझी हरकत नाही. एफएसबीला मात्र ‘संघराज्य सुरक्षा सेवा’च म्हणावे.