गूळ हे ‘संयुग’ की ‘मिश्रण’?

कोल्हापूरच्या एका वाचकाने विचारले आहे की, उसाचा रस आटवून गूळ हा नवाच पदार्थ मिळतो, तर त्याला ‘संयुग’ म्हणावे का. आणि ‘मूलद्रव्ये तयार होतात’ ही वाक्यरचना बरोबर आहे का.

गूळ हे संयुग नव्हे, मिश्रण आहे. काहिलीत रसातले पाणी वाफ होऊन जाते आणि सुक्रोज, थोडे ग्लुकोज व फ्रुक्टोज, क्षार आणि थोडी ओल मागे राहते. उसाची जात, जमीन आणि गुळव्याचा हात यांनुसार त्यांचे प्रमाण बदलते, तरी गूळ तो गूळच राहतो. संयुगाला ही मोकळीक नसते. सुक्रोजच्या प्रत्येक रेणूत कार्बनचे 12, हायड्रोजनचे 22 आणि ऑक्सिजनचे 11 अणू ठरलेल्या रचनेत बांधलेले असतात. त्यांतला एकही कमी झाला, तर तो पदार्थ सुक्रोज उरत नाही. ‘सम्’ आणि ‘युज्’, म्हणजे जोडणे, यांतून आलेल्या ‘संयुग’ या शब्दात ती बांधणी आहेच. (संस्कृतात ‘संयुग’चा ‘युद्ध’ असाही अर्थ आहे, मराठी रसायनशास्त्राने जोडण्याचा अर्थ घेतला, हे उत्तमच झाले.)

गुऱ्हाळात संयुग मुळीच तयार होत नाही, असे मात्र नाही. रसात चुन्याची निवळी घातली की चुन्यातले कॅल्शियम आणि रसातले फॉस्फेट यांचा संयोग होऊन कॅल्शियम फॉस्फेटचा साका बनतो आणि बारीक गाळ सोबत घेऊन मळीत येतो. येथे ‘संयुग तयार झाले’ हेच योग्य वाक्य होय.

आता मूलद्रव्यांविषयी. रासायनिक संयोगात केवळ इलेक्ट्रॉनांची देवघेव किंवा भागीदारी होते. अणुकेंद्राला धक्का लागत नाही, म्हणून साखरेतला कार्बन शेवटपर्यंत कार्बनच असतो. अणुकेंद्रे जुळून नवे मूलद्रव्य घडते ते ताऱ्यांच्या पोटात, जेथे हेलियमच्या तीन केंद्रांपासून कार्बनचे एक केंद्र बनते. ही घडण 1957 साली ब्रिटिश खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉईल आणि त्यांच्या तीन सहकाऱ्यांनी सविस्तर मांडली; कोल्हापुरात जन्मलेले जयंत नारळीकर हे हॉईल यांचेच शिष्य. म्हणून ‘ताऱ्यांत मूलद्रव्ये तयार होतात’ हे वाक्य निर्दोष आहे. पाण्याच्या विद्युत अपघटनाविषयी, म्हणजे वीज सोडून पाण्याचे घटक वेगळे करण्याविषयी, लिहिताना मात्र ‘हायड्रोजन तयार होतो’ यापेक्षा ‘हायड्रोजन मुक्त होतो’ असे लिहावे, कारण तो पाण्यात आधीपासून बांधलेला होता.